सोळा तारखेचा आवाज

१

पत्र्याच्या डब्यात सगळ्या दिवसांची कार्डं ओळीनं लावून ठेवली होती. पोस्टाच्या तिकिटाएवढी एकेक, आणि प्रत्येकावर तारखेची चिठ्ठी. पंधरानंतर एकदम सतरा.

"सोळा तारीख गेली," आप्पासाहेब म्हणाले. "बाकी कशालाच हात लावलेला नाही."

कडूबाईंनी डब्यात डोकावलं आणि आधी खुर्ची शोधली. नेवाशाहून देवळाली प्रवरेपर्यंत गाडीत बसून त्यांचे गुडघे आखडले होते. पोलिसातून हवालदार म्हणून निवृत्त होऊन दोन वर्षं झाली, पण लोक काही निवृत्त होऊ देत नव्हते. कुणाची म्हैस गेली, कुणाची सून निघून गेली, की निरोप यायचा. ठाण्यात जायची लाज वाटते तिथं कडूबाईंना बोलवायचं, असं होऊन बसलं होतं. त्यांना आताशा या सगळ्याचा शीण यायचा. चोर सापडला तरी घरात कुणाला बरं वाटत नाही, हे त्यांनी तीस वर्षं पाहिलं होतं.

"नीट सांगा," त्या म्हणाल्या. "सिनेमातलं मला काही कळत नाही."

आप्पासाहेबांनी सांगितलं. त्यांचा भाचा कल्याण सिनेमा काढत होता. मोठा नव्हे, चार माणसांत होतो तसला. एक ऊसतोड बाई बऱ्याच वर्षांनी त्या शेतात परत येते जिथं तिचं तान्हं पोर दगावलं, अशी गोष्ट. शेत आप्पासाहेबांचं, राहणं-जेवण त्यांच्याच वस्तीवर. सोळा तारखेला सगळ्यात मोठा प्रसंग झाला. उसाच्या कडेला उभी राहून ती बाई, म्हणजे तिचं काम करणारी सुकन्या, सात मिनिटं बोलते, मध्ये कुठंही न थांबता.

"चित्र कॅमेऱ्यात येतं आणि आवाज माझ्या मशीनमध्ये, वेगळा," करण म्हणाला. तो पुण्याहून आलेला, आवाज मुद्रित करणारा पंचविशीतला मुलगा. त्याच्या डोळ्यांखाली काळं आलं होतं. "कॅमेरा दीडशे फुटांवर होता. त्यात वाऱ्याशिवाय काही नाही. त्यांचं बोलणं फक्त या कार्डावर होतं."

"दुसरीकडं उतरवून नाही घेतलं?"

"कॉम्प्युटर पुण्याला आहे. सगळी कार्डं तिकडे नेऊनच उतरवणार होतो. सोळाला संध्याकाळी पाच वाजता चिठ्ठी लावून डबा फळीवर ठेवला. काल दुपारी सतराचं ठेवायला उघडला, तर हे असं."

"मग परत बोलायला लावा बाईला."

आप्पासाहेबांनी खिडकीकडं हात केला. काल कारखान्याची टोळी आली होती. जिथं परवापर्यंत डोक्यावरून जाणारा ऊस होता, तिथं आता पाचट पसरलेलं होतं आणि त्यावर बगळे फिरत होते.

"बाहेरचं कोण आलं होतं घरात?"

"कुणीच नाही," आप्पासाहेब म्हणाले. "टोळी शेतातच होती. घरात आम्ही सहा जण."

२

कडूबाईंनी ओसरीवर खाट टाकून घेतली आणि एकेकाला बोलावलं. प्रश्न सगळ्यांना एकच होता: त्या सात मिनिटांत बाई काय बोलली?

पहिले आप्पासाहेबच बसले. "बोलली असेल लिहिलेलं. पोराला साडीच्या झोळीत बाभळीला टांगलं होतं, झोळी सुटली, पोर पडलं. कल्याणनं वाचून दाखवलं होतं मला."

"तुम्हाला पसंत होतं?"

"गोष्ट पसंत होती. तिची भाषा नव्हती. हवालदारबाई, सिनेमा पुण्या-मुंबईत दाखवायचा तर आवाज जरा साफ पाहिजे. मी म्हटलं होतं, मोनिकाचा आवाज लावा. कल्याण ऐकेना." मग त्यांनाच आपण काय बोललो ते कळलं असावं. "म्हणून मी कार्ड उचलीन असं नाही."

मोनिका तिशीची, नेटकी. सिनेमात शाळेच्या बाईंचं काम करत होती, आणि एरवी पोट भरत होती दुसऱ्यांच्या ओठांवर आपला आवाज चढवून.

"सुकन्याताईंच्या दोन सिनेमांत माझा आवाज आहे," ती सरळ म्हणाली. "तुम्हाला कुणीतरी सांगणारच, म्हणून मीच सांगते. या वेळी मला विचारलं नाही, त्याचं वाईट वाटलं. पण मी हे केलेलं नाही."

"त्या दिवशी काय बोलल्या त्या?"

"झोळीचंच. संहितेत आहे ते. मी कॅमेऱ्यामागे होते, ऐकू काहीच आलं नाही. ओठ हलताना दिसले फक्त. एकदा खाली बसल्या, ते संहितेत नव्हतं."

कल्याण आला तो उभाच राहिला. काष्टी गावचा, दाढी वाढलेला, दोन वर्षं याच एका सिनेमामागे लागलेला. त्याच्या हातात संहितेचे कागद होते आणि तो ते गुंडाळत होता, सोडत होता.

"मी म्हटलंच नाही मामाला की बोलवा म्हणून," तो म्हणाला. "गेलं ते गेलं. मोनिकाकडून आवाज लावून घेऊ. लागला आता निकाल."

"तुला नको होता ना दुसऱ्याचा आवाज?"

"नको होता. म्हणूनच तर सगळा सिनेमा तिथल्या तिथं आवाज घेऊन केला. पण आता काय?"

"बाई काय बोलली?"

कल्याणनं मान हलवली. "मला माहीत नाही, मावशी. खरंच. ती लिहिलेलं बोललीच नाही, एवढं करणनं सांगितलं. मी म्हटलं, पुण्याला गेल्यावर ऐकतो. त्याआधी कुणी काही सांगू नका."

कडूबाई त्याच्याकडं बघत राहिल्या. सात मिनिटं एक बाई बोलली, पाच माणसं आसपास होती, आणि बोलली काय ते सांगणारं कुणी नव्हतं.

३

सुकन्या मागच्या अंगणात हौदाच्या कठड्यावर बसली होती. वय अडतीस. चेहरा असा, की बाजारात शेजारून गेली तर लक्षात राहू नये. कॅमेऱ्यात तो वेगळा दिसतो, असं कल्याणनं सांगितलं होतं.

कडूबाईंनी तिला आधी तिच्याबद्दल विचारलं. माणसं स्वतःबद्दल बोलताना हळूहळू सैल होतात. सुकन्या सैल नाही झाली, पण बोलली. रेशनकार्डावरची नावं वाचावीत तसं.

पाथर्डीकडच्या गावातून आईबरोबर नगरला आली. साडीच्या दुकानात कामाला लागली. एका संस्थेच्या पथनाट्यात उभं राहायला बाई कमी पडली, म्हणून हिला उभं केलं. तिथं कॉलेजच्या मुलांनी पाहिलं. अकरा वर्षांत सहा सिनेमे झाले. पहिल्यात पाणी वाहणारी बाई, नाव पडद्यावर चुकीचं पडलं. दुसरा परदेशातल्या महोत्सवाला गेला, हिच्याकडं पासपोर्ट नव्हता. तिसरा कुणी पाहिलाच नाही, तो बनवणारा मध्येच नोकरीला लागला. आवाज एकातही हिचा नाही: चौथ्यात, पाचव्यात मोनिकाचा, बाकीच्यांत आणखी कुणाकुणाचा.

"थिएटरला लागला का एखादा?"

"न्हाई. एकदा कापडबाजारात एक पोरगी म्हणली, तुम्ही त्या पाणी वाहणाऱ्या बाई ना. तेवढंच." ती जराशी हसली. "दरवेळी रजा मागताना मालकाला सांगते, लग्नाला जायचंय. त्याला वाटतं माझे नातेवाईक फार."

"मग करता कशाला?"

"ते मलाबी कळत नाही, मावशी. आता थकायला होतं. हा शेवटचा म्हणून आले होते. यात पहिल्यांदा माझा आवाज राहणार होता."

"आणि तुम्ही लिहिलेलं बोलला नाहीत."

सुकन्या हौदातल्या पाण्याकडं बघत राहिली. "कल्याणनं मनानं लिहिलं होतं ते. चांगलंच लिहिलं होतं. पण मी उसाशी उभी राहिले आणि मला ते बोलताच येईना."

"मग काय बोललात?"

"खरं बोलले."

"म्हणजे?"

"कार्ड सापडलं तर ऐका. परत एकदा नाही सांगता येणार मला."

४

दुपारी कडूबाईंनी करणला परत बोलावलं. पोरगा एवढा दबलेला होता, की तोच चोर असता तर काम सोपं झालं असतं. पण चोरी लपवायची असती तर त्यानं डबाच हरवला असता.

कडूबाई त्या डब्याचाच विचार करत होत्या. पन्नास हजारांचं मशीन फळीवर तसंच होतं, म्हणजे हे पैशासाठी नाही. ज्याला सुकन्याचा आवाज सिनेमात नको होता, त्यानं एक कार्ड नेऊन काय साधलं? बाकीच्या सगळ्या कार्डांत तिचाच आवाज होता. आप्पासाहेब असोत की मोनिका, त्यांनी डबा उचलून प्रवरेत टाकला असता. इथं फक्त सोळा तारीख नको होती. त्या दिवशीचे शब्द नको होते. आणि शब्द नको व्हायला आधी ते ऐकलेले असायला हवेत.

"करण, ते बोलणं तुझ्याशिवाय कुणी ऐकलं?"

"माझ्या कानात हेडफोन होता. मीच फक्त."

"मशीनला हेडफोन एकच असतो?"

"दोन. दुसरा कल्याणसर लावतात. पण त्या दिवशी ते स्वतः कॅमेरा धरणार होते, म्हणून त्यांनी काढून ठेवला. तो..." करण थांबला. "तो आजींनी लावला होता. सुकन्याताईंच्या आई. त्या माझ्याजवळ खाटेवर बसल्या होत्या. म्हणाल्या, पोरगी काय बोलती ते ऐकू दे की. मी लावून दिला. पण आजी कशाला... त्यांना वाचतासुद्धा येत नाही. सोळाचं कोणतं आणि पंधराचं कोणतं हे त्यांना कसं कळणार?"

"तू चिठ्ठी लावून ठेवलंस तेव्हा सोळाचं कुठं होतं डब्यात?"

ते शेवटचं होतं. वाचायची गरजच नव्हती.

"आता मला सांग, काय बोलल्या सुकन्या? सगळं नको. पोर कशात होतं, झोळीत?"

"नाही. घोंगडीवर. बांधावर घोंगडी टाकून त्यावर झोपवलं होतं."

सुकन्याची आई लंकाबाई चुलीपाशी भाकरी थापत होत्या. लेकीबरोबर आल्या आणि बसून राहवेना म्हणून वस्तीवरचा स्वयंपाक त्यांनीच अंगावर घेतला होता. साठीच्या पुढची, वाळकी बाई. एक गुडघा उभा, एक मोडलेला. कडूबाई भिंतीला टेकून शेजारी बसल्या.

"कुटं सापडलं का वो, बाई?" लंकाबाईंनी तव्यावर भाकरी टाकत विचारलं.

"बघते आहे. मी आपली त्या गोष्टीचाच विचार करते. झोळीतनं पडून पोर जातं म्हणजे झोळी केवढी उंच बांधली असेल हो?"

"झोळी कुटली," लंकाबाई म्हणाल्या. "घोंगडीवर हुतं ते."

भाकरीला पाणी लावणारा हात तिथंच राहिला. चुलीतलं लाकूड सरकलं, ते त्यांनी मागं ढकललं नाही.

"कागदावर झोळी लिहिलेली आहे, लंकाबाई," कडूबाई हळू म्हणाल्या. "इथं सगळे झोळीच म्हणतात. घोंगडी फक्त त्या कार्डात आहे."

५

लंकाबाईंनी भाकरी उतरवली, तवा खाली घेतला, हात पुसले. मग कमरेची चंची काढून तिच्या सुपारीच्या कप्प्यातून कार्ड बाहेर काढलं. चिठ्ठी निघून गेली होती.

"चुलीत टाकाया उठले हुते," त्या म्हणाल्या. "दोनदा. पर लेकीचा आवाज हाय त्यात. चार-पाच सिनेमे दावले तिनं मला मोबाईलवर. तोंड हिचं आन् बोलायची भलतीच बाई. पहिल्यांदा हिचं बोलनं कानात आलं. जाळू कशी?"

"मग घेतलंत कशाला?"

"ती काय बोलली ते ठावं हाय का तुमाला?" लंकाबाईंनी आवाज खाली आणला. "मी ऊस खायाला गेले आन् भाऊ ट्रॅक्टरखाली गेला. असं बोलली. सगळ्या दुनियेसमोर. आमी सांगितलं हुतं तिला, तापानं गेला. मला वाटलं ती ईसरली. एकतीस वरसं ती बोलली न्हाई, आन् मला वाटलं ईसरली."

"लोक तिला नावं ठेवतील म्हणून घेतलंत?"

लंकाबाईंनी चुलीतलं लाकूड आत सारलं. कडूबाईंनी ठाण्यात अशी शांतता पुष्कळ पाहिली होती. अर्धं सांगून झालेलं माणूस असं गप्प बसतं. त्यांना उठून जावंसं वाटलं. पण गुडघे उठू देईनात.

"ती ऊस खायाला न्हवती गेली," लंकाबाई म्हणाल्या. "म्या हाक मारली हुती तिला. सात वरसाची हुती. भावाला राखत बसल्याली. मोळीला हात कमी पडला, म्या म्हनलं, ये हिकडं. ती म्हनली, बाळ हाय. म्या म्हनलं, झोपलंय ते, ये. आली म्हून म्याच तिच्या हातात कांडं दिलं उसाचं. तेवढ्यात ट्रॅक्टर मागं आला. पोरगीच्या हातात कांडं. बाप म्हनला, ऊस खात बसलीस व्हय. लई मारलं तिला. आन् म्या..." त्यांनी पदर तोंडाशी धरला. "म्या गप बसले. त्या दिसाला बोलले न्हाई, मंग कवाच बोलता आलं न्हाई."

"म्हणजे कार्ड तिच्यासाठी घेतलं की स्वतःसाठी?"

"कसं सांगू, बाई. दोगींसाठी."

दारात सुकन्या उभी होती. किती वेळची उभी होती कुणास ठाऊक. ती आत आली आणि आईसमोर उकिडवी बसली.

"हाक तू मारली होतीस?"

"व्हय."

"आणि कांडं?"

"म्याच दिलं."

सुकन्यानं तव्यावरून उतरवलेली भाकरी उगाच उचलली, परत ठेवली. रडली नाही. म्हणाली, "मी अजून ऊस तोंडात घेत नाही, आई. लोक विचारतात, नगरची असून रस कसा पीत नाहीस. मी म्हणते दात दुखतात." मग आईकडं बघून, "एवढं एकदा बोलली असतीस."

"व्हय," लंकाबाई म्हणाल्या. "बोलाया पायजे हुतं."

कडूबाई भिंतीकडं बघत बसल्या. या दोघींत त्यांचं काही काम नव्हतं, आणि दोघींपैकी कुणी त्यांना जा म्हणतही नव्हतं.

६

बाहेर सगळे वाट बघत होते. कडूबाईंनी कार्ड करणच्या हातात दिलं. "सापडलं. चोरी झालेली नाही. कुणी कुणाला काही विचारायचं नाही."

आप्पासाहेबांचं समाधान झालं नाही. तरी त्यांनी तीस वर्षांची ओळख ठेवून तोंड बंद ठेवलं. करणनं मशीनला कार्ड लावलं, हेडफोनमध्ये दोन मिनिटं ऐकलं आणि मान हलवली. आवाज शाबूत होता.

मग सुकन्या बाहेर आली. तिनं कल्याणला बाजूला नेऊन सगळं सांगितलं. तो ऐकता ऐकता पाचटात खाली बसला.

"मग ते वापरायचं कसं?" तो म्हणाला. "तुम्ही त्यात जे बोलताय ते खरं नाहीच."

"त्या दिवशी मला तेच खरं होतं. ते तसंच राहू दे," सुकन्या म्हणाली. "त्याच्यानंतर आईला बोलू दे."

"ऊस तर गेला."

"नसू दे. रिकामं शेत घ्या. ती तिथं बसून बोलेल."

लंकाबाईंना मनवावं लागेल असं सगळ्यांना वाटलं होतं. मनवावं लागलं नाही. चार वाजता त्या नुसत्या जाऊन बांधावर बसल्या, करणनं पदराखाली माईक लावला, तो लावू दिला. कॅमेरा पुन्हा दीडशे फुटांवर. या वेळी हेडफोन सुकन्याच्या कानात होता. कडूबाईंना लांबून एक म्हातारी बसलेली दिसली, तिचा हात मध्येच उचलला जाताना दिसला, जसा कुणाला हाक मारताना उचलतात. सुकन्या डोळे मिटून ऐकत होती.

सिनेमा भाद्रपदात पुरा झाला. तो थिएटरला लागला नाही. दोन छोट्या महोत्सवांत दाखवला गेला, बक्षीस मिळालं नाही. एका परीक्षकानं लिहिलं, की मायलेकींच्या आवाजात फरक कळत नाही. ते कात्रण सुकन्यानं दुकानातल्या कपाटात ठेवलं. पुढं एका नव्या माणसाचा फोन आला आणि त्यानं कामाआधी हेच विचारलं, की आवाज तुमचाच असेल ना. तिनं साडीच्या दुकानातून परत एकदा लग्नासाठी रजा मागितली.

नगरला एका कॉलेजच्या हॉलमध्ये खेळ ठेवला, तेव्हा कडूबाईंना बोलावणं आलं. साठ खुर्च्या, निम्म्या रिकाम्या, दोन पंखे बंद. मोनिका पुण्याहून आली होती आणि सुकन्याशेजारी बसली होती. कडूबाई बसल्या लंकाबाईंजवळ. सात मिनिटांचा प्रसंग आला, गेला. रिकामं शेत आलं. लंकाबाईंनी स्वतःचा आवाज ऐकताना मान वर केली नाही.

शेवटी पडदा काळा झाला आणि नावं वर सरकू लागली. उजेड लागायच्या आधीच लोक उठून पाय मोकळे करू लागले. लंकाबाईंनी कडूबाईंचा दंड धरला.

"कल्याण म्हनला हुता, शेवटाला बाळाचं नाव घालतो म्हून. मला वाचाया येत न्हाई. आलं का?"

कडूबाईंनी चष्मा लावला. सगळ्यांची नावं निघून गेली होती. पडद्यावर मधोमध एकच शब्द उरला होता.

"आलं," त्या म्हणाल्या.

"काय लिवलंय? मोठ्यानं वाचा. घरात कुनी घेतलं न्हाई ते, तवापासनं."

कडूबाईंनी मोठ्यानं वाचलं. "श्रीमंत."